बाईंची गाडी वळवायला माणसं लागत

"पुढं जायाले चार गिअर आहेत अन् मागं जायाले एक. आता तूच सांग गा, माणसानं कोणते शिकावं?"

बाईंचं हे गणित मी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं त्या गंमत करताहेत, म्हणून मी हसलो. त्या हसल्या नाहीत. दिवसभर मला चुटपुट लागून राहिली आणि शाळा सुटल्यावर गाडीत मी त्यांची माफी मागितली. त्यावर मात्र त्या डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या. म्हणाल्या, "तू जन्माले आला तेव्हा सुईणीची बी माफी मागतली असशील!"

माझा स्वभाव त्यांनी असा पहिल्याच आठवड्यात ओळखला. मला कशाचंही वाईट वाटतं. उशिरा आलो तर वाटतं, लवकर आलो तरी शिपायाला कुलूप घाईनं उघडावं लागलं म्हणून वाटतं. आज पन्नाशी ओलांडली तरी ते गेलेलं नाही. बाईंना जाऊनही आता बरीच वर्षं झाली, आणि त्यांच्याबद्दल लिहिताना पुन्हा तेच वाटतंय, की हे आधी लिहायला हवं होतं, त्या वाचू शकल्या असत्या तेव्हा.

बाई आमच्या शाळेच्या मुख्याध्यापिका. आपला गोंदिया जिल्हा नवा झाला त्यानंतर लवकरच मी शिक्षणसेवक म्हणून त्या गावात लागलो. सडक अर्जुनीहून हायवेनं थोडं पुढे जायचं, मग डांबर सोडून आत वळायचं, धानाच्या बांध्यांमधून तलावाच्या पाळीवर चढायचं, आणि पाळ उतरली की शाळा. बाई सडक अर्जुनीत राहायच्या, एकट्या. लग्न केलेलं नव्हतं. उंची बेताची, आवाज बेताबाहेरचा. मनगटावर पुरुषी घड्याळ. कोणी "नमस्ते मॅडम" म्हटलं तर "नमस्ते", कोणी "जय भीम बाई" म्हटलं तर "जय भीम", आणि कोणी काहीच न म्हणता पुढे गेलं तर मागून हाक मारून, "काऊन गा, तोंडात खर्रा भरला आहे का?"

आणि त्यांच्याकडे गाडी होती. आठशे सीसीची, छोटी, जपानी घडणीची. मोठ्या शहरांत तेव्हा ती साध्या नोकरदारांच्याही दारात आली होती, पण आमच्याकडे अजून डॉक्टर, ठेकेदार आणि राइस मिलवाल्यांकडेच दिसायची. बाईंनी गोंदियाच्या एका डॉक्टरची जुनी घेतलेली. रंग पांढरा, म्हणजे तसं कागदावर लिहिलेलं. गावात तिला सगळे 'डब्बा' म्हणायचे. "डब्बा आला", "डब्बा गेला". बाईही म्हणायच्या.

त्या डब्याचा त्यांना अभिमान होता, पण लाड नव्हते. कोणी फडकं मारायला लागलं की ओरडायच्या, "ठेव ते! गाडी म्हणजे चप्पल. पायात घालाची असते, पुसत बसाची नाई." गाडीत काय नसायचं? खडूची खोकी, नकाशांच्या गुंडाळ्या, कोणाच्या घरचा धानाचा कट्टा, आजारी लेकरू आणि त्याची आई. एकदा कोणाची तरी व्यालेली शेळी आणि तिची दोन पिल्लं. त्या दिवशी शेळी पुढच्या सीटवर होती आणि मी मागे. "ते बाळंतीण आहे," बाई म्हणाल्या, "तू नाई."

डॅशबोर्डवर बुद्धाची एक लहानशी मूर्ती चिकटवलेली होती. बाईंचे वडील गोंदियाच्या राइस मिलमध्ये हमाल होते; छप्पन साली दीक्षेला नागपूरला पायी गेलेल्यांपैकी. गाडी जपानी आहे हे बाईंना कळलं तेव्हा त्यांनी त्याचा आपल्या परीनं अर्थ लावला होता. "जपानातले लोक कोणाचे? बुद्धाचे. आपण कोणाचे? बुद्धाचे. म्हणजे ह्या गाडीचं इंजिन आपल्या भाऊबंदांनीच बनवलं. कायले बंद पडन ते?" खरंच ती क्वचितच बंद पडायची. पडली तर बाई उतरून बॉनेटवर हात ठेवत आणि एखाद्या नातेवाइकाला समजवावं तसं बोलत, "अरे, असं काऊन करून राहिला? पोट्टे वाट पाहून राहिले ना."

सकाळी त्या मला हायवेच्या कोपऱ्यावरून घेत. गाडी पुरती थांबवत नसत. मी धावत दार उघडून आत उडी मारायची. शाळेच्या फाटकाच्या आत मी 'गुरुजी' आणि 'तुम्ही'; डब्यात बसलो की 'तू' आणि 'गा'. हे त्यांनी मला कधी सांगितलं नाही, पण एवढ्या वर्षांत एकदाही चुकलं नाही.

मागे न घेण्याची हकिगत अशी. गाडी घेतली तेव्हा त्यांना शिकवायला गोंदियाचा एक उस्ताद यायचा. पहिल्याच दिवशी बाईंनी विचारलं, मागे कशी घ्यायची? तो म्हणाला, "मॅडम, रिवर्स लास्ट में. पहले आगे जाना तो सीखो." पुढे जायचं शिकवून झालं आणि उस्तादाला रायपूरकडच्या एका ट्रकवर चांगली नोकरी लागली. तो गेला. बाईंनी दुसरा उस्ताद शोधला नाही. जेवढं आलं तेवढ्यावर त्या थेट शाळेत आल्या आणि व्हरांड्याच्या पायरीला नाक लावून गाडी उभी केली.

संध्याकाळी घरी जायची वेळ झाली तेव्हा प्रश्न उभा राहिला. शाळेसमोर प्रल्हादचा पानठेला होता. तिथे बसलेली माणसं मजा पाहत होती. बाईंनी खिडकीतून डोकं काढून विचारलं, "पाहून काय राहिले? या ना!"

ती माणसं आली. ही गाडी किती हलकी असते हे तेव्हा साऱ्या गावाला कळलं. चौघांनी मागून धरून ढकलली तर सायकलसारखी हलली. डोमा नावाचा एक धिप्पाड गोंड होता, बांबू तोडायच्या कामावर जायचा. त्यानं तर डिकीखाली हात घालून मागचं बूड उचललंच. बाकीच्यांनी बाजूनं रेटा दिला आणि गाडीचं तोंड फाटकाकडे झालं. बाई आतच बसून होत्या, स्टिअरिंगला धरून, आपणच वळवतोय अशा थाटात. "बढिया," म्हणाल्या आणि निघून गेल्या.

तेव्हापासून तो रिवाजच पडला. शाळा सुटली की प्रल्हाद पान लावता लावता ओरडायचा, "चला गा, बाईची गाडी वळवाची आहे!" आणि माणसं उठायची. कोणी सांगितलेलं नव्हतं, कोणाची पाळी लावलेली नव्हती. एक म्हातारे पोवार शेतकरी होते, सगळे त्यांना काकाजी म्हणत. धोतर, टोपी, आवाजात जरब. जमीन भरपूर. सुरुवातीला ते बाईंच्या हातचा चहा घ्यायला "आत्ताच घेतला" म्हणून कचरायचे, पण गाडी वळवायला पहिले तेच उठायचे. नंतर चहा कधी घ्यायला लागले ते आम्हाला कोणालाच कळलं नाही. त्यांनाही कळलं नसावं.

इतर गावी जायचं तर बाईंच्या डोक्यात सगळा मुलूख वळशांचा होता. नागऱ्याला जायला हरकत नाही, देवळाला वेढा घालून परतता येतं. अमक्या पेट्रोल पंपात एकीकडून शिरून दुसरीकडून निघता येतं. गोंदियाच्या बाजारात त्या कधी शिरल्या नाहीत. गाडी नाक्यावरच्या पंक्चरवाल्याजवळ ठेवायची आणि रिक्षानं पुढे. नातेवाईकही तसेच मोजलेले. "ज्याच्या घराले मागून रस्ता नाई, त्याच्या लग्नाले मी नाई." एका लग्नात चारही बाजूंनी गाड्या लागल्या आणि डब्बा मध्येच अडकला, तर मांडवातल्या वऱ्हाड्यांनी तो बाज उचलावी तसा उचलून रस्त्यावर ठेवला. बाई आत बसून अक्षतांच्या पिशवीतला पेढा खात होत्या.

मागे घ्यायचा प्रयत्न त्यांनी एकदाच केला, तो माझ्या आग्रहावरून. मी म्हटलं, बाई, मी मैदानात उभा राहतो, हातानं दाखवतो, काही होत नाही. तेव्हा शाळेत खिचडी सुरू झाली होती. पटांगणाच्या कडेला विटांची चूल, तिच्यावर खिचडीचा मोठा गंज. बाईंनी गिअर टाकला. गाडी जरा थरथरली आणि मग काहीतरी मनात आल्यासारखी मागे सुटली. मी हात दाखवत होतो, तोंडानं "बस, बस" म्हणत होतो. बाईंना ते "या, या" वाटलं की काय कोण जाणे. गंज आडवा झाला. कोणाला भाजलं नाही एवढं नशीब. पण ताट घेऊन रांगेत बसलेली लेकरं त्या सांडलेल्या खिचडीकडे बघत राहिली.

बाई उतरल्या. त्यांचा चेहरा मी तसा परत पाहिला तो फक्त एकदा, ते पुढे सांगतो. त्यांनी गावातल्या दुकानातले होते तेवढे सगळे मुरमुरे आणि फुटाणे आणवले, स्वतः कांदा चिरला, स्वतः वाटले. मग आत जाऊन प्रथमोपचाराच्या पेटीतली चिकटपट्टी आणली आणि गिअरच्या दांड्याच्या मुठीवर जिथे मागे जायची खूण असते तिथे आडवी चिकटवली. "झालं," म्हणाल्या, "लेकरांच्या तोंडचा घास ज्यानं सांडला, त्या गिअरचं तोंड पाहाचं नाई."

मी माफी मागायला तोंड उघडलं.

"चूप," त्या म्हणाल्या. "आज तुमच्या माफीले टाइम नाई. वाढाले घ्या."

बाईंना आमगावला एक भाऊ आहे हे मला कितीतरी वर्षं माहीत नव्हतं. आमगाव तर त्यांच्या तोंडी सतत असायचं. "इंजिन जपानचं, चालवणारी आमगावची" असं म्हणायच्या. पण तिकडे जाताना मी त्यांना कधी पाहिलं नाही. एकदा पाळीवरून येताना मी सहज विचारलं, आमगावला तुमचं कोण असतं? त्यांनी गाडी तिसऱ्यातून दुसऱ्यात घेतली, काही कारण नसताना.

"मोठा भाऊ आहे," म्हणाल्या. "बाप मेला तवा मी सातवीत होती. त्यानं पोती उचलून मले शिकवलं. मास्तरीण केली."

मग उरलेलं सगळं एका दमात सांगितलं. भावानं लग्न ठरवलं होतं. साखर खाऊन झाली होती. मग मुलाकडचे म्हणाले, नोकरी सोडावी लागेल. बाई म्हणाल्या, मग लग्न राहू द्या. भावाची चार माणसांत मान खाली गेली. तो बोलू नये ते बोलला, त्याही बोलल्या, आणि दोघांपैकी कोणी पुढे सरकलं नाही.

"गाडी घेतली ना," त्या म्हणाल्या, "तवा पहिल्याच हप्त्यात गेली होती. वाटलं, दाखवावी. बोळीच्या तोंडाशी थांबली. हॉर्न वाजवला. दोनदा वाजवला." मग पाळ उतरत आली तसा ब्रेक दाबत म्हणाल्या, "नाई आला."

"मग आत का नाही गेलात?"

"बोळ पुढं बंद आहे. तिथं गाडी वळत नाई."

मला घरी आल्यावर, विचारलं हेच चुकलं असं वाटत राहिलं.

काही वर्षांनी, धानाची कापणी उरकत आली होती तेव्हा, शाळेच्या वेळेत माझ्या मोबाइलवर एक फोन आला. बाईंकडे मोबाइल नव्हता, त्यांना तो आवडायचा नाही. फोन त्यांच्या वहिनीचा होता. नंबर कोणाकोणाला विचारत मिळवला होता. भावाला लकवा मारला होता. उजवी बाजू गेली, वाचा गेली. डॉक्टर म्हणाले होते, दुसरा झटका आला तर काही खरं नाही. "ताईले सांगा," वहिनी म्हणाल्या, "हे बोलत नाईत, पर दाराकडे पाहत राहतात."

मी तसाच ऑफिसात गेलो आणि सांगितलं. बाई हजेरीपटावर सही करत होत्या. सही पूर्ण केली. टोपण लावलं.

"तिथं गाडी वळत नाई," म्हणाल्या.

"बसनं जाऊ. नाहीतर गोंदियाहून रेल्वेनं. मी येतो."

"मी जाईन तं माह्या गाडीनं जाईन. त्यानं शिकवलं म्हणून आहे ना ते गाडी? बसच्या टपावरच्या गठुड्यासारखी जाऊन उभी राहू त्याच्या दारात?"

"पण बाई, वेळ..."

"गुरुजी," त्या म्हणाल्या, "तुमचा तास आहे."

मी वर्गात गेलो, पण शिकवता आलं नाही. सुटीत पानठेल्यावर जाऊन मी सगळं सांगून टाकलं. दुसऱ्याचं घरचं असं चव्हाट्यावर बोलू नये, मला कळत होतं, पण मी बोललो. काकाजी आडकित्त्यानं सुपारी कातरत होते. त्यांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "गाडी वळत नाई, एवढंच म्हणते ना ते?"

"हो."

"मंग आपण कायले आहो?"

दुसऱ्या दिवशी रविवार. मी सकाळी बाईंच्या घरी पोहोचलो तर हे तिघं आधीच पहिल्या एसटीनं येऊन दाराशी उभे. काकाजी धुतलेल्या धोतरात, डोमाचे केस तेल लावून चापून बसवलेले, आणि प्रल्हाद पानठेला बंद ठेवून आला होता, जो पोळ्यालाही बंद नसायचा.

बाई दारात आल्या. "काय गा? कोण मेलं?"

"कोणी नाई मेलं," काकाजी म्हणाले, "म्हणूनच आलो. आमगावले जाचं आहे. गाडी वळवाले माणसं पायजेत का नाई?"

बाई सगळ्यांकडे एकेक करून पाहत राहिल्या. मला वाटलं, आता माझी काही खैर नाही. पण त्या आत गेल्या, साडी बदलून आल्या आणि किल्ली घेतली.

"रिव्हर्स गिअर मांगं बसवा," एवढंच म्हणाल्या.

तो रिव्हर्स गिअर म्हणजे काकाजी, डोमा आणि प्रल्हाद, मागच्या सीटवर गुडघ्याला गुडघा लावून बसले. एकटा डोमा दोन माणसांएवढा. गाडीचं बूड रस्त्याला टेकतं की काय असं झालं. पुढे मी. हायवेवर ट्रकवाले शेजारून जाताना वाकून आत पाहत. एरवी बाई त्यांना सलाम करायच्या, त्या दिवशी केला नाही. गिअर टाकताना दोनदा खरडला. मागून प्रल्हादनं पान पुढे केलं, त्या "नको" म्हणाल्या. तास-दीड तास असाच गेला.

आमगावला रेल्वेचं फाटक बंद लागलं. आमच्या मागे एक ट्रक येऊन उभा राहिला, त्याच्यामागे आणखी गाड्या. मालगाडी सुरू झाली आणि संपेचना. बाईंची बोटं स्टिअरिंगवर वाजत होती. अचानक म्हणाल्या, "चला. परत जाऊ."

मी त्यांच्याकडे पाहिलं. खिचडी सांडली त्या दिवशीचा तो चेहरा.

मागून डोमा, जो वर्षभरात दहा वाक्यं बोलत नसेल, हळूच म्हणाला, "बाई, इथं वळत नाई."

"तू आहे ना वळवाले!"

"आज माही कंबर दुखून राहिली."

आरशातून मला दिसलं, काकाजी खिडकीबाहेर पाहत टोपी तोंडाशी धरून हसत होते. मालगाडी संपली, फाटक उघडलं, मागच्या ट्रकनं हॉर्न दिला, आणि पुढे जाण्याखेरीज दुसरं काही शक्य नव्हतं म्हणून बाई पुढे गेल्या.

बोळ खरंच अरुंद होती. दोन्हीकडचे आरसे आत घेतले तेव्हा गाडी शिरली. पोरंटोरं, कोंबड्या, बायका भिंतीला चिकटून उभ्या. शेवटी हातपंपापाशी थोडी मोकळी जागा, आणि डावीकडे निळ्या रंगाचं घर. समोर भिंत. बाईंनी गाडी भिंतीला नाक लावून उभी केली. इंजिन बंद केलं. उतरल्या नाहीत.

वहिनी बाहेर आल्या. त्यांनी गाडीचं दार उघडलं, जसं आपल्याच गाडीचं उघडावं, आणि बाईंचा हात धरला. दोघी आत गेल्या.

आम्ही चौघं उरलो. बाईंचा आम्हाला अनुभव होता. काम झालं की त्यांना क्षणभर थांबवत नसे. आणि इथून तर त्या बाहेर येतील त्या रडवेल्या किंवा रागावून, आणि त्यांना लगेच निघायचं असेल. तेव्हा गाडी तयार असावी. मीच म्हटलं, "वळवून ठेवू या." हातपंपावरची दोन माणसंही मदतीला आली. डोमाची कंबर एकाएकी बरी झाली. त्यानं डिकीखाली हात घातले, आम्ही रेटा दिला, आणि डब्याचं तोंड बोळीच्या बाहेर झालं. नेहमीपेक्षा बरं जमलं असं काकाजी म्हणाले.

तेवढ्यात आतून आवाज आला. माणसाचा, पण शब्द नसलेला. मग पुन्हा, मोठ्यानं. वहिनींनी मला हाक मारली, "गुरुजी, आत या हो जरा."

मी उंबऱ्यात गेलो. खिडकीशी बाज, बाजेवर बनियनमधला एक म्हातारा, रुंद खांद्यांचा. एकेकाळी त्या खांद्यांवर पोती असतील. खिडकीतून त्याला गाडी दिसत होती, तिची पाठ. तो डावा हात बाजेच्या कडेवर आपटत होता आणि भिंतीवरच्या खुंटीकडे दाखवत होता. बाई स्टुलावर बसल्या होत्या, घाबरलेल्या. "काय पायजे याले? पाणी?" खुंटीवर एक सदरा टांगलेला होता.

"सदरा मागून राहिले," वहिनी म्हणाल्या आणि त्यांना रडू फुटलं. "ताई, त्या साली तुम्ही आल्या होत्या ना, हॉर्न वाजवला होता. हे तवा बी बनियनवर होते. म्हणाले, बहीण गाडी घेऊन आली, असा कसा जाऊ तिच्यासमोर? सदरा घालाले आत आले. बटन लावत बाहेर धावले तं गाडी गेली होती. सायकलीवर फाटकापर्यंत गेले तुमच्या मांगं. आता बी त्यायले वाटून राहिलं, तुम्ही चालल्या."

बाई मला, की स्वतःलाच, म्हणाल्या, "मांगं एक ट्रक हॉर्न देऊन राहिला होता. मी पुढं गेली. वाटलं, आला नाई."

आणि मग त्या उठून खिडकीशी गेल्या, आणि त्यांचा तो बेताबाहेरचा आवाज साऱ्या बोळीनं ऐकला.

"कोणी वळवली गाडी? काऊन वळवली? जशी होती तशी लावा!"

काकाजी गोंधळले. "तोंड भिंतीकडे करू, बाई?"

"भिंतीकडेच करा!"

मी बाहेर पळालो. आम्ही पुन्हा धरली, पुन्हा उचलली, पुन्हा भिंतीला नाक लावलं. वळवायचं मीच सुचवलं होतं, म्हणून मी सगळ्यांत जोरात रेटत होतो. काकाजी धापा टाकत म्हणाले, "इतक्या वर्षांत ह्या गाडीले कोणी भिंतीकडे तोंड कराले लावलं नव्हतं." प्रल्हाद म्हणाला, "माय वो, आज रिव्हर्सचा बी रिव्हर्स झाला." आणि आम्ही दमलेले असतानाही हसलो.

दार उघडलं. वहिनी आणि बाई दोन्हीकडून धरून त्याला घेऊन येत होत्या. सदऱ्याची बटणं वरपर्यंत लावलेली, केस ओले करून विंचरलेले. डोमा पुढे झाला आणि त्यानं त्याला गाडीच्या पुढच्या सीटवर अलगद बसवलं. गाडी ठेंगणी, त्यामुळे फार उचलावं लागलं नाही. बाई वळसा घालून आपल्या बाजूनं आत बसल्या.

किल्ली त्यांनी लावलीच नाही. दोघं समोरच्या भिंतीकडे पाहत बसले. त्याचा उजवा हात, जो आता त्याचा राहिला नव्हता, बाईंनी उचलला आणि आपल्या मांडीवर घेतला. मग हळूहळू, शाळेत नव्या पोराला दाखवावं तसं, त्या त्याला एकेक गोष्ट दाखवायला लागल्या. हे हॉर्न. हे दिव्याचं. हा बुद्ध. हे पेट्रोलचं. तो मान हलवत होता.

वहिनी दाराशी बसून पदरानं डोळे पुसत होत्या. आम्ही चौघं गाडीच्या मागे उभे होतो. डोमानं सवयीनं डिकीवर हात टेकवला होता. काकाजींनी तो हळूच उचलून बाजूला केला.